भाऊंना घातलेला हार

माझ्या सासऱ्यांना मी त्यांच्या हयातीत हार घातला. सत्काराचा नव्हे. चंदनाचा, भिंतीवरच्या फोटोला घालतात तो. घरातल्या घरात केलं असतं तर निदान झाकता तरी आलं असतं. मी ते आठवड्यातून दोनदा, संध्याकाळी साडेसातला, टीव्हीवर केलं. वर्षभर.

माझा धंदा विनोदी मालिका लिहिण्याचा आणि काढण्याचा. आता निवृत्त आहे, म्हणजे फोन येत नाहीत. नात विचारते, "आजी, तू नेमकं काय करायचीस गं?" मी सांगते, लोक जेवायला बसले की त्यांना हसवायचे. तिला ते केटरिंगसारखं काहीतरी वाटतं आणि तिचं फार चुकतंय असं नाही.

लेखिका आणि निर्माती एकाच बाईत कोंबल्या की त्यांची भांडणं होतात. लेखिका लिहायची, 'लग्नाचा हॉल. दोनशे पाहुणे.' निर्माती ते खोडायची. मग लेखिका मुकाट्यानं लिहायची, 'लग्नाचा हॉल. रिकामा. सगळे जेवायला गेले आहेत.' आमच्या मालिकेतली सगळी लग्नं लागून गेल्यावर सुरू व्हायची. एका समीक्षकानं त्याला संयत शैली म्हटलं होतं. ते कात्रण मी अजून जपून ठेवलंय.

राहायला आम्ही डोंबिवलीत. सेट घोडबंदर रोडला, एका बंद पडलेल्या कारखान्याच्या शेडमध्ये. गाडी शीळफाट्याला अडकली की मी मांडीवर पॅड घेऊन संवाद लिहायचे. एखादा सीन पाल्हाळिक झाला की आमच्या मुख्य नटी म्हणायच्या, "काल शीळफाट्याला फार वेळ गेलेला दिसतोय." मालिकेत त्यांचं नाव सुमनकाकू. मी त्यांना घरीदारी सुमनकाकूच म्हणते, तेव्हा इथेही तेच चालू दे.

तर सुमनकाकू ही पासष्टीची विधवा. ठसठशीत कुंकू लावते, सगळ्या सोसायटीच्या खोड्या काढते आणि प्रत्येक भागाच्या शेवटी भिंतीवरच्या नवऱ्याच्या फोटोसमोर उभी राहून त्याची उलटतपासणी घेते. विधवेनं कुंकू का लावू नये यावर मी त्या काळात दोन मुलाखती दिल्या होत्या. दोन्हींत माझी मान तिरकी आहे आणि गळ्यात लाकडी मणी आहेत. त्या बाईकडे आता पाहिलं की वाटतं, हिला कुणीतरी खुर्चीत बसवून पाणी द्यायला हवं होतं.

बाहेरच्यांना माहीत नसतं, पण मालिकेत मेलेला माणूस मिळणं सगळ्यात अवघड. मरण्याचा सीन करायला नट हसत तयार होतात. कट म्हटलं की उठून घरी जाता येतं. फोटोला हार घालायचा म्हटलं की मात्र त्यांच्या बायकोचा फोन येतो. आम्ही ठरवलेल्या ज्येष्ठ नटाच्या बायकोचा फोन बरोबर पहिल्या दिवशी सकाळी आला. "हे नाही येणार," एवढंच म्हणाल्या आणि ठेवून दिला.

पहिलाच शॉट फोटोपासून सुरू होणार होता. कलादिग्दर्शक मोहनराव रिकामी फ्रेम छातीशी धरून उभे. चॅनेलचा तन्मय, वय सव्वीस, शिक्षण व्यवस्थापनाचं, घड्याळाकडे बघत उभा. माझ्या पिशवीत भाऊंचा फोटो होता.

भाऊ म्हणजे माझे सासरे. ठाण्याच्या कोर्टात शिरस्तेदार होते. पुढच्या रविवारी त्यांचं सहस्रचंद्रदर्शन होतं. हजार पौर्णिमा पाहिल्या म्हणून करतात तो समारंभ. त्यासाठी त्यांचा काळ्या कोटातला फोटो मोठा करून घेतला होता आणि संध्याकाळी ठाण्यात फ्रेमला टाकायचा होता. फोटोत भाऊ असे बघताहेत, जणू समोरचा अर्जावर तिकीट लावायचं विसरलाय. नवरा म्हणून झकास चेहरा.

"एकाच शॉटपुरता," मी म्हटलं.

मोहनरावांनी फोटो हातात घेतला आणि तसेच उभे राहिले. "बाई, घरचं माणूस आहे. विचारा तरी."

"संध्याकाळी विचारते."

संध्याकाळी मी विसरले. यात खोल असं काही नाही. दुसऱ्या दिवशीचे सीन लिहायचे होते. मोहनरावांनी सेटसाठी एक प्रत काढून घेतली, मूळ फोटो मला परत दिला, मी तो फ्रेम करून घेतला आणि रविवारी हॉलमध्ये भाऊंच्या शेजारी ठेवला. शे-दीडशे नातेवाइकांनी तो पाहिला. त्याची प्रत घोडबंदर रोडला हार घालून टांगलेली आहे, हे त्या हॉलमध्ये फक्त मला माहीत होतं, आणि मी जिलबी वाढत होते.

आणि आमच्या धंद्यात 'एकाच शॉटपुरतं' असं काही नसतं. एका शॉटमध्ये बाईच्या हातात निळा कप असला, की तो सीन संपेपर्यंत कप निळा. भिंतीवर एक नवरा लागला की मालिका संपेपर्यंत तोच नवरा. याला कंटिन्युइटी म्हणतात आणि त्यासाठी एक मुलगी वही घेऊन दिवसभर बसलेली असते. तिच्या वहीत पहिल्याच पानावर होतं, 'कै. यजमान, काळा कोट, चंदनहार.'

दोन महिन्यांनी पहिला भाग लागला. घरातले सगळे हॉलमध्ये. मी, माझा नवरा श्रीकांत, भाऊ आणि माझ्या सासूबाई, म्हणजे माई. फोटो पडद्यावर येण्याआधी पाच सेकंद मला आठवलं.

सुमनकाकू फोटोसमोर उभ्या राहून म्हणाल्या, "तुम्ही सुटलात, मी अडकले." भाऊ खुर्चीत पुढे सरकले. भाग संपल्यावर त्यांनी विचारलं, "हार खरा चंदनाचा आहे का?"

"नाही भाऊ. खोटा. म्हणजे... मी सांगणारच होते."

"तरीच. चमकतोय फार."

माई उठून आत गेल्या आणि कुकर लावला. जेवणं झालेली होती.

मग फोन सुरू झाले. जे सहस्रचंद्रदर्शनाला येऊन जिलबी खाऊन गेले होते, त्यांचेच. तोच फोटो, तोच कोट, आणि वर हार. फोन भाऊच उचलायचे. "हो, मीच बोलतोय... नाही, कधी नाही... नाही, मी गेलेलोच नाही... सुनेची मालिका आहे... हो, प्रकृती उत्तम... बरं, तुम्ही निघाला असाल तर या, पण कारण राहिलेलं नाही."

मी भाऊंना म्हटलं, पुढच्या महिन्यात उतरवते. तन्मयला फोनही केला. तो म्हणाला, "मॅडम, शक्यच नाही. फोटो हा आपला हीरो आहे. लोकांना शेवटची दोन मिनिटंच सगळ्यात जास्त आवडतायत." मी बरीच वर्षं सगळ्यांना सांगत आले, की मी चॅनेलशी खूप भांडले. भांडले नाही. एकदा विचारलं, तो नाही म्हणाला आणि मला बरं वाटलं.

त्यात भाऊंनीच माझं काम सोपं केलं. ते एकही भाग चुकवेनात. सकाळी माझ्या चहाच्या कपाखाली चिठ्ठी असायची, शिरस्तेदारी अक्षरात.

'भाग सात. हार डावीकडे झुकला आहे. भाग नऊ. सूनबाई माझ्याकडे पाठ करून फरसाण खाते. आमच्या घरी असे होत नाही. भाग बारा. बाई मला "ऐकलंत का" असे विचारतात. मयतास हा प्रश्न गैरलागू.'

तो गैरलागू प्रश्न मी उचलला. पुढच्या भागात सुमनकाकू फोटोला म्हणाल्या, "ऐकलंत का? आता ऐकावंच लागेल. चाळीस वर्षं कोर्टाचं निमित्त काढून बाहेर पळायचात, आता कुठे पळाल?" सेटवर कॅमेरामन हसला म्हणून रीटेक घ्यावा लागला. विनोदी मालिकेत यापेक्षा मोठं प्रशस्तिपत्रक मिळत नाही. त्यानंतर भाऊंच्या चिठ्ठ्यांवरून मी निदान पंधरा भागांचे शेवट लिहिले. श्रेयनामावलीत त्यांचं नाव घातलं नाही. ते म्हणाले, "नको. मयताने पुरवलेली माहिती ग्राह्य धरत नाहीत."

माई मालिका लागली की गच्चीत वाळवण बघायला जायच्या. वाळवणाचे दिवस संपले तरी जायच्या. मी समजून घेतलं, की त्यांना टीव्हीचा आवाज सहन होत नाही. बायकांच्या मनातलं जाणणारी लेखिका म्हणून त्या वर्षी माझा एका महिला मंडळात सत्कार झाला. त्याला माईही आल्या होत्या. नारळ त्यांनीच घरी आणला.

नोव्हेंबरात भाऊंना हयातीचा दाखला द्यायला ठाण्याला घेऊन गेले. पेन्शन घेणाऱ्यांना वर्षातून एकदा बँकेत जाऊन आपण जिवंत आहोत हे लिहून द्यावं लागतं. काउंटरवरच्या बाईंनी भाऊंकडे पाहिलं, कागदाकडे पाहिलं, पुन्हा भाऊंकडे पाहिलं.

"आजोबा, ते सुमनकाकूंचे मिस्टर तुमचे कोण? भाऊ का?"

"तो मीच," भाऊ म्हणाले. "तिथे कैलासवासी आहे, इथे हयात आहे. सही कुठे करू?"

बाईंनी शेजारच्यांना बोलावलं, शेजारच्यांनी साहेबांना. साहेबांनी भाऊंशी हात मिळवला आणि रांगेतल्या एका गृहस्थांनी विचारलं, "तिकडे कसं आहे?" भाऊ म्हणाले, "शांत. पण बायको बोलते."

तिथून आम्ही कोर्टाजवळच्या हॉटेलात गेलो. भाऊंचं जुनं हॉटेल. चहा आला. मी अजून हसतच होते.

"मजा आली ना, भाऊ?"

"मला आली. हिला येत नाही."

"माईंना? त्या तर काहीच बोलल्या नाहीत."

"ती बोलत नसली की विचारायचं असतं. मला पन्नास वर्षांनी कळलं, तुला लिहिता लिहिता कळायला हवं होतं." त्यांनी बशीत चहा ओतला. "संक्रांत गेली. चैत्र गेला. नवरात्र गेलं. एका घरातनं तिला सवाष्ण म्हणून बोलावणं नाही."

इथे थोडं सांगायला हवं. आमच्या सोसायटीत कुणाचंही डोहाळजेवण असो, पहिली ओटी माईंच्या हातची. एक्याऐंशी वर्षांचा ठणठणीत नवरा असलेली दुसरी बाई तिन्ही बिल्डिंगांत नव्हती. त्यांचा हात चांगला, असं लोक म्हणायचे. माई त्यासाठी एक जांभळं लुगडं वेगळं ठेवून असायच्या. ते वर्षभर कपाटातून निघालेलं नव्हतं. मी त्याच कपाटातून रोज माझे कुर्ते काढत होते.

"पण लोकांना माहितीये तुम्ही आहात," मी म्हटलं. "रोज दूध आणायला जाता."

"माहितीये ना. पण कुणाच्या तरी व्याह्यांकडची बाई विचारते, यांच्या यजमानांचा हाराचा फोटो आम्ही पाहिलाय, मग या ओटी कशी भरतात. घरच्यांना तिथे खुलासा करत बसावं लागतं. बोलावलंच नाही की खुलासा नको."

"भाऊ, पण हे सगळं जुनं झालं. मी तर मालिकेत हेच सांगतेय, की विधवा काय आणि सवाष्ण काय—"

"जुनं असेल. तिचं आहे."

त्यांनी बशी संपवली, रुमालानं मिशी पुसली.

"मला उतरव," ते म्हणाले. "मी नीट बघून ठेवलंय. एकच खिळा आहे."

परत येताना शीळफाट्याला दीड तास अडकलो. भाऊ मागे झोपले. मी पॅड काढलं. तोपर्यंत मी त्या मालिकेत गाडी, जावई, लॉटरी, हरवलेलं मांजर, सगळं वापरलं होतं. खरं काय घडलं ते तेवढं वापरलं नव्हतं.

लिहिलं ते असं. सुमनकाकूंच्या दारावर एक म्हातारं जोडपं येतं. म्हातारा म्हणतो, "फोटोवाल्यानं घोटाळा केला. माझा फोटो तुमच्याकडे आलाय." म्हणजे सुमनकाकू वर्षभर परक्या माणसावर खेकसत होत्या. म्हातारी पुढे होते आणि फोटोचा हार काढते. एवढंच.

तन्मय म्हणाला, "मॅडम, मालिका बसेल." त्याला धंदा कळत होता, हे आता कबूल करते. मी त्याला सांगितलं, "बसू दे, पण माझ्या सासूबाई उठल्या पाहिजेत." त्याला काही कळलं नाही, पण निर्माती पहिल्यांदाच लेखिकेच्या बाजूनं बोलतेय, हे पाहून तो गांगरला आणि हो म्हणाला.

ती म्हातारी तुम्ही व्हाल का, हे माईंना विचारायला स्वयंपाकघरात गेले. त्या मेथी निवडत होत्या.

"मला वाक्य नको," माई म्हणाल्या.

"नाही देणार."

"तोंडाला रंग नको. लुगडं माझं मी नेसेन."

"बरं."

"आणि हे तू वर्षापूर्वी विचारायचंस."

"हो, माई."

"मेथी धू."

शूटिंगच्या दिवशी माई जांभळं लुगडं, नथ आणि कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या घालून आल्या. सुमनकाकू त्यांच्या पाया पडल्या, तेही स्क्रिप्टमध्ये नव्हतं. भाऊंची दोनच वाक्यं होती, ती त्यांनी पहिल्याच टेकला बिनचूक म्हटली, फक्त 'फोटोवाल्यानं' याऐवजी 'सदर छायाचित्रकाराने' म्हणाले. मी ते ठेवलं.

मग माई पुढे झाल्या आणि त्यांनी हाराला हात घातला. हार निघेना. कंटिन्युइटीसाठी मोहनरावांनी तो भाऊंच्या भाग सातच्या चिठ्ठीनंतर मागून पक्का चिकटवून टाकला होता, दर शॉटला हलायला नको म्हणून. माईंनी ओढला. फ्रेम भिंतीवर डुगडुगली. कॅमेरा चालू. मी कट म्हणणार, तेवढ्यात माई मागे न बघता म्हणाल्या, "अहो, जरा धरा ना."

भाऊ आले. त्यांनी स्वतःचा फोटो दोन्ही हातांनी धरला आणि माईंनी हार खालून वर उसवत काढला. चांगला मिनिटभर लागला. त्या मिनिटात संवाद नाही, संगीत नाही, फक्त बांगड्यांचा आवाज. माझ्या अख्ख्या कारकिर्दीतला हा एकच शॉट, ज्यात मी काही लिहिलेलं नाही. लोक अजून भेटले की त्याचंच नाव काढतात, आणि मी मान तिरकी करून आभार मानते.

भाग लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी तिसऱ्या मजल्यावरच्या बाई आल्या. धाकट्या सुनेचं डोहाळजेवण होतं. माईंनी त्यांना बसवलं, चहा दिला, तारीख विचारली आणि म्हणाल्या, "बघते, जमलं तर." गेल्या अर्थातच. पण त्यांना दोन दिवस लटकत ठेवलं.

मालिका तन्मय म्हणाला तशीच बसली. सुमनकाकूंच्या भिंतीवर आम्ही 'खऱ्या' नवऱ्याचा फोटो लावला, कुठूनतरी मिळवलेला. पण लोकांना नवा नवरा पटेना. सुमनकाकूंनाही पटेना. म्हणाल्या, "याच्यावर राग येत नाही गं." तीन महिन्यांत चॅनेलनं बंद केली. युनिटमधल्या चाळीस माणसांना दुसरं काम शोधावं लागलं, ते मला अजून बोचतं. दुसरी मालिका काढली, तीही चालली, पण त्यातल्या घरातल्या भिंती मी कोऱ्या ठेवल्या.

पुढे चार वर्षांनी भाऊ खरोखर गेले. तेराव्याला भिंतीवर फोटो लावायचा होता. घरात चांगला म्हणावा असा एकच होता, काळ्या कोटातला. मी तो काढून पुसला. माई पलंगावर बसल्या होत्या.

"तो नको," म्हणाल्या. "तो एकदा लावून झालाय."

मग मोहनरावांना फोन केला. हार काढला त्या दिवशी सेटवर त्यांनी काही फोटो काढले होते. त्यातला एक मिळाला. भाऊ दोन्ही हातांनी फ्रेम धरून उभे आहेत आणि कधी नव्हे ते हसताहेत. कडेला माईंच्या बांगड्या आल्या होत्या. तेवढं कापून घेऊ का, असं मी विचारलं, तर नको म्हणाल्या.

मी स्टुलावर चढून खिळा ठोकला, फोटो लावला, हार घातला. खाली उतरले तरी माई वरच बघत होत्या. मला वाटलं आता रडतील. म्हणून मी पुन्हा वर चढून उगाच हार सारखा करायला लागले. तेव्हा त्या म्हणाल्या,

"तेव्हा फोटो हवाच होता, तर माझा न्यायचास. मी सवाष्ण गेले असते, आणि तुझी मालिकाही चालली असती."